‘येथे’, ‘आज’ आणि ‘म्हणे’ : मुंबईच्या उपनगरांतील नागरिक-वार्तेची भाषा

मराठीत बातमीला शब्द पुष्कळ आहेत; परंतु जी बातमी खरी असेलच असे नाही, तिच्यासाठी त्याहूनही अधिक आहेत. वृत्त, वार्ता, बातमी, खबर हे एका बाजूचे शब्द. अफवा, वदंता, किंवदंती, आवई, हूल, कंडी हे दुसऱ्या बाजूचे. या दुसऱ्या गटाची क्रियापदे पाहण्यासारखी आहेत. आवई उठते, हूल उठते, कंडी पिकते, अफवा पसरते. धूळ उठावी, पीक यावे, डाग पसरावा, तशी ही वार्ता आपोआप घडून येते; कंडी पिकविणारा कोणी असलाच तर त्याचा शोध मागाहून घ्यावा लागतो. उलट बातमी दिली जाते किंवा आणली जाते, आणि तिच्यामागे बातमीदार अथवा वार्ताहर उभा असतो. बातमी व आवई यांतील भेद केवळ खरेखोटेपणाचा आहे असे भाषा मानीत नाही. आवई कधी खरी ठरते, बातमी कधी खोटी ठरते. सांगणारा सापडतो की नाही, येथे भाषेने आपली रेघ ओढलेली आहे.

या रेघेच्या नेमक्या कोणत्या बाजूस ठेवावे असा प्रश्न पडावा, असा एक वार्ताप्रकार गेल्या पंचवीस वर्षांत उदयास आला. २२ फेब्रुवारी २००० रोजी दक्षिण कोरियात ‘ओहमायन्यूज’ हे संकेतस्थळ सुरू झाले आणि प्रत्येक नागरिक हा बातमीदार आहे, ही भूमिका त्याने उघडपणे घेतली. पुढे खिशात मावणाऱ्या कॅमेऱ्याने व स्वस्त झालेल्या इंटरनेटने ती भूमिका जगभर पोहोचविली. अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर या उपनगरांत विभागाच्या नावाने चालणारी वार्तास्थळे, रहिवाशांनी टिपलेल्या चित्रफिती, गल्लोगल्ली फिरणारे वार्तासंदेश यांचे कूळ हेच. ‘नागरिक पत्रकारिता’ हा त्यांसाठी रूढ झालेला जोडशब्द भाषांतरित आहे व थोडा अवघडलेलाही आहे. ‘नागरिक-वार्ता’ हा शब्द त्यापेक्षा सुटसुटीत होईल. या वार्तेच्या मुळाशी एक गृहीतकृत्य आहे : जो घटनास्थळाच्या जवळ, तो सत्याच्या जवळ. शहराच्या दक्षिण टोकास बसून उपनगराची बातमी लिहिणाऱ्या संपादकापेक्षा मुलुंडच्या गल्लीतील रहिवासी मुलुंडविषयी अधिक जाणतो, हे वरवर पाहता कोणासही मान्य व्हावे. मात्र सामीप्य म्हणजेच प्रामाण्य, हे समीकरण भाषेच्या अंगाने तपासून पाहिले असता ते जितके सरळ वाटते तितके सरळ राहत नाही.

तपासणीचा आरंभ वृत्तपत्राच्या एका जुन्या रूढीपासून करणे सोयीचे आहे. ‘मुलुंड, ता. ५ (आमच्या वार्ताहराकडून)’ अशा धर्तीच्या ओळीने मराठी दैनिकांतील बातमी अनेक वर्षे सुरू होत असे. वाचक ती ओळ ओलांडून पुढे जाई. पण भाषाभ्यासकाने तेथे थांबावयास हवे. जर्मन मानसशास्त्रज्ञ कार्ल ब्यूलर याने १९३४ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या भाषाविषयक ग्रंथात ‘मी-येथे-आता’ हा उक्तीचा आरंभबिंदू कल्पिला. ‘येथे’, ‘उद्या’, ‘हा’, ‘आपण’ अशा शब्दांना स्वतःचा असा स्थिर अर्थ नसतो; बोलणारा कोण, कोठे व केव्हा बोलत आहे, हे ठाऊक असल्याखेरीज ते पोकळ राहतात. समोरासमोरच्या बोलण्यात हा आरंभबिंदू आपसूक मिळतो. छापील बातमीत तो मिळत नाही, म्हणून ती आरंभीची ओळ तो पुरवीत असे : मुलुंड म्हणजे ‘येथे’, ता. ५ म्हणजे ‘आता’, आमचा वार्ताहर म्हणजे ‘मी’. कायद्यानेही याच त्रयीचा एक भाग पक्का केला होता. १८६७ च्या मुद्रणविषयक अधिनियमाने मुद्रक, प्रकाशक व छपाईचे स्थळ अंकावर नमूद करणे आवश्यक केले. २०२३ साली संमत झालेल्या नव्या अधिनियमाने मार्च २०२४ पासून त्याची जागा घेतली असली, तरी दीडशे वर्षे मराठी वाचकास बातमीबरोबर एक पत्ता मिळत आला आहे, एवढे खरे. कोणावर रागवावे व कोठे जाऊन रागवावे, हे त्यास माहीत असे.

नागरिक-वार्तेने या त्रयीतील ‘येथे’ या अंगावर सारा भर दिला. परंतु उपनगरात ‘येथे’ म्हणजे कोठे, याचे उत्तर सोपे नाही. १९५० साली व नंतर १९५७ साली हद्द वाढून दहिसर व मुलुंडपर्यंतचा साष्टीचा प्रदेश बृहन्मुंबईत आला. महापालिकेच्या लेखी अंधेरीचा पश्चिम भाग म्हणजे के-पश्चिम, बोरिवली म्हणजे आर-मध्य, घाटकोपर म्हणजे एन आणि मुलुंड म्हणजे टी विभाग. टपालखात्याच्या लेखी मुलुंडचे ४०००८०, ४०००८१ असे निराळे भाग. निवडणुकीचे प्रभाग आणखी वेगळे. रहिवासी यांपैकी कोणतीच परिभाषा बोलत नाही. तो पूर्व-पश्चिम म्हणतो ते रेल्वेच्या रुळांच्या हिशेबाने, आणि पुढचे सारे खुणांनी सांगतो : सात बंगल्याजवळ, वझिरा नाक्यावर, पाच रस्त्याला, असल्फ्याच्या पुढे. ‘समोर’, ‘मागे’, ‘अलीकडे’, ‘पलीकडे’ ही शब्दयोगी अव्यये उपनगराचा खरा नकाशा होत. ज्यास ती खूण ठाऊक आहे, त्याच्यापुरताच तो नकाशा उलगडतो; इतरांना बंदच राहतो.

विभक्तीच्या वापरातही हे दिसते. ‘तो अंधेरीला राहतो’ आणि ‘अंधेरीत पाणी भरले’ या दोन्ही प्रयोगांत स्थळ एकच, प्रत्यय निराळे. ‘ला’ हा प्रत्यय उपनगरास रेल्वेमार्गावरील एक बिंदू समजतो. गाडीतून उतरण्याचे ते ठिकाण असते. ‘त’ हा प्रत्यय त्याच उपनगरास विस्तार समजतो. ज्याच्या आत काही घडू शकते, असा तो अवकाश असतो. शहराच्या दैनिकांना उपनगरे फार काळ ‘ला’ या प्रत्ययानेच माहीत होती, असे म्हणावयास हरकत नाही. स्थानिक वार्तेचे खरे श्रेय असे, की तिने उपनगराला ‘त’ हा प्रत्यय मिळवून दिला.

स्थळाच्या या गुंत्यावर यंत्राने काढलेला तोडगा म्हणजे अक्षांश-रेखांश. अमेरिकेत २००८ साली सुरू झालेल्या ‘एव्हरीब्लॉक’ या संकेतस्थळाने सार्वजनिक नोंदींतून घराघराच्या पत्त्याप्रमाणे माहिती मांडण्याचा मोठ्या बुद्धिमत्तेचा प्रयत्न केला. बांधकामाचे परवाने, गुन्ह्यांच्या नोंदी, उपाहारगृहांच्या तपासण्या, जे काही पत्त्याला चिकटविता येईल ते तेथे मिळे. फेब्रुवारी २०१३ मध्ये ते बंद पडले; पुढच्या वर्षी पुन्हा उघडले आणि २०१८ मध्ये पुन्हा मिटले. त्याच्या अपयशास आर्थिक कारणे होतीच. तथापि मोजून जवळ असलेली प्रत्येक गोष्ट माणसास जवळची वाटत नाही, हे त्यातून दिसून आले. रुळांपलीकडचे मुलुंड नकाशावर दोनशे पावलांवर असते. फाटक बंद व पूल दूर असेल, तर तेच परगावाइतके लांब पडते.

सामीप्याच्या बाजूने जो सर्वांत बळकट पुरावा देता येईल, तो २६ जुलै २००५ या दिवसाचा. त्या दिवशी चोवीस तासांत सांताक्रूझच्या वेधशाळेत ९४४ मिलिमीटर पावसाची नोंद झाली. त्याच काळात कुलाब्यास सुमारे ७३ मिलिमीटर पाऊस झाला. ‘मुंबईत पाऊस’ हे वाक्य त्या दिवशी व्याकरणदृष्ट्या निर्दोष आणि अर्थदृष्ट्या जवळजवळ निरुपयोगी होते. दक्षिणेकडील माणसाच्या अनुभवातील मुंबई आणि कालिना, कुर्ला, घाटकोपर येथील माणसाच्या छातीपर्यंत पाणी चढलेली मुंबई यांस एकच नाम लावल्याने फसगत झाली. संध्याकाळी घराकडे निघालेल्यांना पुढे काय वाढून ठेवले आहे, हे कोणी सांगितले नाही. कारण सांगणाऱ्या संस्थांचे ‘येथे’ पावसाच्या ‘येथे’पासून वीस-पंचवीस किलोमीटर दूर होते. त्या रात्री व त्यानंतरच्या दिवसांत रहिवाशांनी एकमेकांस दिलेल्या वार्ता, कोणता रस्ता उघडा आहे, कोणत्या शाळेत मुले सुखरूप आहेत, कोठे पाणी ओसरले आहे, या कोणत्याही दैनिकाच्या मथळ्याहून मोलाच्या होत्या. नागरिक-वार्तेचे समर्थक या प्रसंगाचा दाखला देतात, तो योग्यच आहे.

परंतु दाखला देणारे दोन दिवस आधीच थांबतात. २८ जुलै २००५ रोजी संध्याकाळी जुहू-विलेपार्ले भागातील नेहरूनगर वस्तीत पाणी येत असल्याची हूल उठली. कोणी धरण फुटले म्हणाले, कोणी त्सुनामी आली म्हणाले. डिसेंबर २००४ च्या त्सुनामीस तेव्हा सात महिनेच झाले होते. पळापळ झाली आणि अरुंद गल्ल्यांतील चेंगराचेंगरीत पंधराहून अधिक माणसे प्राणास मुकली. त्यांत मुलेही होती. पाणी आलेच नव्हते.

हा प्रसंग सामीप्य-सिद्धान्तास अत्यंत गैरसोयीचा आहे. बातमी सांगणारे शेजारी होते, ऐकणारे शेजारी होते, भाषा एक होती, गल्ली एक होती आणि जिच्याविषयी सांगितले जात होते ती जागाही तीच होती. परक्या संपादकाचा तेथे संबंध नव्हता. सामीप्य पूर्ण होते. नव्हता तो केवळ पाहणारा. ‘पाणी आले’ असे ओरडणाऱ्या शंभर माणसांपैकी एकानेही पाणी पाहिले नव्हते, आणि ‘मी पाहिले नाही, मी ऐकले आहे’ हे सांगण्यास धावणाऱ्या माणसाच्या वाक्यात जागा उरली नव्हती.

येथे प्रस्तुत विषयाच्या मुख्य मुद्द्याकडे यावयाचे आहे. ‘पाहिले’ आणि ‘ऐकले’ यांतील भेद वाक्याच्या आतच दर्शविण्याची सोय मराठीने करून ठेविली आहे. ‘पूल उद्यापासून बंद आहे’ आणि ‘पूल म्हणे उद्यापासून बंद आहे’ ही दोन वाक्ये घेतली, तर दुसऱ्यातील ‘म्हणे’ हे मूळचे क्रियापदाचे रूप असले, तरी आता त्यास कर्ता लागत नाही, काळ लागत नाही, वचन लागत नाही. वाक्यातील माहिती परोक्ष आहे, बोलणाऱ्याने ती दुसऱ्याच्या तोंडून घेतली आहे व तिच्या खरेपणाची हमी तो देत नाही, एवढेच काम ते करते. रोमान याकोबसन याने १९५७ च्या आपल्या प्रसिद्ध निबंधात कथित घटना, कथनाची घटना आणि कथित झालेल्या कथनाची घटना, अशा तीन पातळ्या वेगळ्या केल्या आणि त्यांतील संबंध दाखविणाऱ्या व्याकरणिक कोटीस नाव दिले. ‘म्हणे’ हे त्या कोटीचे ठळक मराठी उदाहरण होय. पूल बंद होणे ही पहिली घटना, शेजाऱ्यास ते सांगणे ही दुसरी, आणि सांगणाऱ्याने ते कोणाकडून तरी ऐकलेले असणे ही तिसरी. दोनच अक्षरांत या तिसऱ्या घटनेची पावती मिळते. शिवाय ‘म्हणे’ उच्चारताना सूर किंचित बदलला की अविश्वासही व्यक्त होतो, ही या शब्दाची आणखी एक खुबी.

बोलण्यातील मराठीत ‘म्हणे’ सर्वत्र आढळते. लिहून फिरविल्या जाणाऱ्या स्थानिक वार्तेत मात्र ते क्वचितच भेटते. यास कारण आहे. लिहिणारा नागरिक बातमी लिहू लागला की तो बोलीचा वेश उतरवून वृत्तपत्राचा वेश घालतो. वृत्तपत्राच्या भाषेत ‘म्हणे’ला मज्जाव असतो, तेथे त्याचे काम ‘असे समजते’, ‘असे कळते’, ‘सूत्रांनी सांगितले’ अशा प्रयोगांकडून करवून घेतले जाते. या प्रयोगांवर टीका करण्याजोगे पुष्कळ आहे. ते सांगणाऱ्यास झाकतात, आणि ‘सूत्र’ या शब्दाने मराठी दैनिकांत गेल्या काही दशकांत जे उद्योग केले आहेत, त्यांचा स्वतंत्र समाचार घ्यावा लागेल. तरीही परोक्षतेची खूण ते पुसून टाकीत नाहीत. नागरिक-वार्तेने बोलीतले ‘म्हणे’ सोडले आणि वृत्तपत्री ‘असे समजते’ उचललेच नाही. राहिले ते ‘पूल उद्यापासून बंद’ असे उघडे विधान, आणि त्याच्या शेवटी जास्तीत जास्त लोकांपर्यंत पोहोचविण्याची आज्ञा. प्रत्ययाच्या जागी आज्ञार्थ आला. हे कोणी कसे जाणले, या प्रश्नाचे स्थान हे पुढे कोणास कळवावे, या सूचनेने घेतले. या अदलाबदलीत जे हरवले, ते व्याकरणापुरते मर्यादित राहत नाही.

१ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील साक्री तालुक्यात राईनपाडा येथे मुले पळविणारी टोळी आल्याच्या अफवेवरून नाथपंथी डवरी गोसावी या भटक्या समाजातील पाच निरपराध माणसांना जमावाने ठार मारले. त्या दिवसांत तशा मजकुराचे संदेश व फिती अनेक जिल्ह्यांत फिरत होत्या. राईनपाडा उपनगरांपासून दूर आहे. परंतु त्या संदेशांची भाषा उपनगरांत फिरणाऱ्या संदेशांहून निराळी नव्हती. आपल्या भागात टोळी शिरली आहे, सावध राहा, सर्वांना कळवा, हाच तो साचा. त्यातील ‘आपल्या भागात’ हे शब्द विशेष घातक होत. तो ज्या गावी वाचला जाईल, त्या गावचा ‘आपला भाग’ तो आपोआप होतो. ‘येथे’ या शब्दाचा पोकळपणा इतका उपयोगी पडावा, हे ब्यूलरच्या ध्यानीमनीही नसेल.

त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने पुढे धाडलेल्या संदेशावर तशी खूण दाखविण्यास आरंभ केला आणि भारतात एका वेळी पाचांहून अधिक ठिकाणी संदेश धाडण्यास प्रतिबंध केला. हा उपाय चुकीचा नव्हता, अपुरा होता. ती खूण पाकिटावर मारलेल्या टपालाच्या शिक्क्यासारखी आहे. आतील कोणते वाक्य पाहिलेले, कोणते ऐकलेले व कोणते रचलेले, हे ती सांगू शकत नाही. ‘म्हणे’ वाक्यागणिक लागते, एकाच निवेदनात एका वाक्यास लागते आणि दुसऱ्यास लागत नाही. ‘पोलीस आलेत, कोणाला तरी नेलं म्हणे’ असे बोलणारी चाळीतील बाई आपल्या दोन उपवाक्यांतील पुराव्याचा दर्जा जितक्या अचूकपणे वेगळा करते, तितका कोणताही शिक्का करू शकणार नाही.

‘आज’ या शब्दाविषयी फार लिहिण्याची आवश्यकता नाही. चित्राला काळ नसतो, हे सर्वज्ञात आहे. दर पावसाळ्यात मागील एखाद्या वर्षीच्या बुडालेल्या रुळांची फीत नव्याने फिरू लागते आणि खालच्या मजकुरातील ‘आज’ त्या फितीस त्या दिवसाची करून टाकते. वृत्तपत्राचा ‘आज’ दुसऱ्या दिवशी रद्दीत जात असे, ही त्याची मर्यादा समजली जाई. ती एक सुरक्षितताही होती, हे आता कळू लागले आहे.

डोळ्यांनी पाहिलेल्याची बाजूही तपासली पाहिजे. कारण नागरिक-वार्तेचे सर्वांत अस्सल बळ तेथे आहे. अंधेरीच्या गोखले पुलाचा इतिहास या दृष्टीने बोधप्रद आहे. ३ जुलै २०१८ रोजी त्याच्या पादपथाचा भाग रुळांवर कोसळला. ७ नोव्हेंबर २०२२ पासून पूल वाहतुकीस बंद झाला. २६ फेब्रुवारी २०२४ रोजी नव्या पुलाची एक बाजू उघडली, तेव्हा शेजारचा बर्फीवाला उड्डाणपूल आणि हा नवा पूल यांच्या उंचीत माणूसभर अंतर असल्याचे उघड झाले. ते अंतर पाहण्यास तज्ज्ञाची गरज नव्हती. रस्त्यावरून जाणाऱ्या कोणीही ते टिपावे व इतरांस दाखवावे, आणि अनेकांनी तसे केले. थट्टा झाली, संताप झाला, आणि ४ जुलै २०२४ रोजी दोन्ही पूल जोडले गेले. संपूर्ण पूल मे २०२५ मध्ये खुला झाला. ‘काय’ या प्रश्नाचे उत्तर येथे नागरिकांच्या चित्रांनी पूर्णपणे दिले. ‘का’ या प्रश्नाचे उत्तर मात्र कोणत्याही चित्रात नव्हते. ते आराखड्यांत, रेल्वे व महापालिका यांच्या पत्रव्यवहारात होते आणि ते वाचण्यास निराळी चिकाटी लागते.

घाटकोपरच्या छेडानगरातील घटना याहून कठोर आहे. १३ मे २०२४ रोजी वादळी वाऱ्यात एक प्रचंड जाहिरातफलक पेट्रोलपंपावर कोसळून १७ जण मृत्युमुखी पडले. फलक सुमारे १२० फूट उंच व तितकाच रुंद होता. महापालिकेची मर्यादा ४० फूट बाय ४० फूट. कोसळण्याचे दृश्य काही तासांत जगभर पोहोचले. पण तो फलक त्यापूर्वी रात्रंदिवस उभाच होता, आणि पूर्व द्रुतगती मार्गाने जाणाऱ्या लक्षावधी नागरिक-बातमीदारांच्या डोळ्यांसमोर उभा होता. त्या परिसरातील झाडांवर विषप्रयोग झाल्याची तक्रार दुर्घटनेपूर्वीच नोंदली गेली होती. वाळणारी झाडे ही खरी स्थानिक बातमी होती. गल्लीतल्या माणसानेच ती ओळखावी अशी. शहराच्या दृष्टीस ती आली नाही. कॅमेऱ्यास पडणे दिसते, उभे राहणे दिसत नाही. क्रियापद हवे असते ते क्षणिक क्रियेचे. ‘कोसळला’ यास प्रेक्षक आहेत, ‘वाढत गेला’ यास नाहीत.

या मंद गतीच्या बातमीसाठी वेगळी घडण लागते व तिचे एक उदाहरण घाटकोपरनेच पूर्वी घालून दिले आहे. १९९० नंतरच्या दशकात तेथील जोशी लेनमधील रहिवाशांनी आपल्या गल्लीतील कचऱ्याची व्यवस्था हाती घेतली आणि तिच्याच धर्तीवर महापालिकेची परिसर व्यवस्थापनाची योजना, म्हणजे ‘एएलएम’, शहरभर उभी राहिली. त्या समित्यांचे पुढे काय झाले, हा नगरशास्त्राचा विषय आहे. भाषेच्या दृष्टीने लक्षणीय गोष्ट ही, की तेथे माहिती देणाऱ्यास विभाग-कार्यालयात नावाने ओळखीत आणि तीच गोष्ट दर आठवड्यास सांगण्याचा कंटाळा करून भागत नसे. नाक्यावरच्या काळ्या फळ्यावर खडूने बातमी लिहिणाऱ्याचीही स्थिती अशीच असे. अक्षरावरून तो ओळखू येई. फळा पुसला की बातमी संपे. ती उचलून कोणास परगावी धाडता येत नसे.

आता ‘मी’ या तिसऱ्या अंगाकडे, अधिक नेमके म्हणावयाचे तर त्याच्या अनेकवचनाकडे, वळावयास हवे. मराठीत हे अनेकवचन दुहेरी आहे : ऐकणाऱ्यास वगळणारे ‘आम्ही’ व त्यास सामावून घेणारे ‘आपण’. गुजरातीतही हा भेद आहे. घाटकोपर व मुलुंड येथे ज्या दोन भाषा पिढ्यान्‌पिढ्या शेजारी नांदत आहेत, त्या दोन्हींना ‘आपण’ ठाऊक आहे. हिंदी व इंग्रजी या ज्या भाषांत तेथील बरीचशी वार्ता आता लिहिली जाते, त्यांच्या प्रमाणरूपांस तो ठाऊक नाही. मुंबईच्या हिंदीने ‘अपन’ हा शब्द घडवून ही उणीव भरून काढली आहे. पण ‘अपन’ लेखी वार्तेत शिरत नाही, आणि शिरला तरी तो निम्म्या वेळा ‘मी’ या अर्थी असतो.

स्थानिक वार्तेतील ‘आपला विभाग’ या पदाचा व्याप कोठवर जातो, ही म्हणूनच कळीची बाब आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये मुलुंड येथे कार्यालयासाठी भाड्याची जागा पाहण्यास गेलेल्या एका मराठी स्त्रीस महाराष्ट्रीयांना जागा देत नाही असे सांगण्यात आले. तिने स्वतः केलेली चित्रफीत राज्यभर पाहिली गेली. या वार्तेस ‘म्हणे’ची गरज नव्हती, सांगणारी, पाहणारी व सोसणारी व्यक्ती एकच होती. जवळपणाचा दावा येथे पूर्णतः खरा ठरला. परंतु त्या वार्तेचा आशयच असा होता, की एकाच इमारतीच्या ‘येथे’मध्ये ‘आपण’ ही कोटी अस्तित्वात नाही. पुढील काही दिवसांत त्या विषयावर जे लिहिले-बोलले गेले, त्यात ‘आम्ही’ आणि ‘तुम्ही’ यांचीच भरती होती.

याची दुसरी बाजू कमी बोलली जाते. सुशिक्षित वसाहतींच्या वार्तेत झोपडपट्टी, फेरीवाले, रिक्षावाले हे बातमीचे विषय असतात, बातमीदार क्वचित. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला व १० माणसे मारली गेली. त्या वस्तीतील शेकडो लोकांनी जे डोळ्यांनी पाहिले, ते शासनाच्या निवेदनापुढे उभे राहावयास चौकशी आयोगाची वाट पाहावी लागली. तेव्हा खिशात कॅमेरा नव्हता, हे एक कारण. परंतु त्यांचे ‘आम्ही पाहिले’ हे वाक्य शहराने साक्ष म्हणून न घेता तक्रार म्हणून घेतले, हे दुसरे. आणि कॅमेरा आल्याने हे दुसरे कारण दूर झाले आहे, असे मानण्यास आधार नाही.

बोरिवलीत या प्रश्नाला एक निराळेच रूप आहे. तेथे सुमारे १०४ चौरस किलोमीटरचे संजय गांधी राष्ट्रीय उद्यान आहे, त्यात बिबटे आहेत, आदिवासी पाडे आहेत आणि कुंपणास लागून बहुमजली वसाहती आहेत. रात्री वसाहतीच्या आवारात आलेल्या बिबट्याची फीत ही तेथील नागरिक-वार्तेचे ठराविक फळ होय. तिच्यासोबतचे वाक्यही ठराविक : ‘बिबट्या वस्तीत शिरला’. २०११ साली वन विभागाच्या पुढाकाराने ‘मुंबईकर्स फॉर एसजीएनपी’ हा उपक्रम सुरू झाला, तेव्हा बिबट्याविषयीच्या वार्ता कशा लिहाव्यात, यासाठी पत्रकारांबरोबर खास बैठका घेण्यात आल्या आणि दैनिकांतील ‘हल्ला’ व ‘नरभक्षक’ यांचा सढळ वापर पुढे बराच कमी झाला. वसाहतींच्या संदेशांपर्यंत त्या बैठका पोहोचण्याचा मार्ग नव्हता. ‘शिरणे’ हे क्रियापद आत व बाहेर यांची सीमा आधीच ठरवून टाकते. शिरणारा तो परका, आणि ज्याच्या घरात शिरला तो धनी. फितीत मात्र तसे काही दिसत नाही. पहाटे तीनच्या सुमारास एक जनावर भिंतीवरून उतरते, वाहनांच्या रांगेमधून चालत जाते, थोडे थांबते आणि आल्या वाटेने परत जाते. उद्यानातील पाड्यांत वाघोबाची पूजा करणाऱ्या वारल्यांनी तीच फीत पाहिली, तर ‘येऊन गेला’ एवढेच म्हणून भागेल.